हशा उतरणीला लागू द्यायचा: फेलिसिटी केंडलची कारकीर्द

शेक्सपिअरच्या 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'मध्ये परीराजा ओबेरॉन आणि राणी टायटॅनिया यांचं ज्या मुलावरून वाजतं, तो मुलगा खरं तर रंगमंचावर येतच नाही. भारतातल्या कुठल्याशा राजाचं पळवून आणलेलं पोर, एवढीच त्याची ओळख. संहितेत त्याला ना प्रवेश, ना वाक्य. पण घरचीच नाटक कंपनी असेल आणि घरात तान्हं मूल असेल, तर त्याला कडेवर घेऊन एक फेरी मारायचा मोह कुणाला आवरतो? फेलिसिटी केंडल रंगमंचावर पहिल्यांदा आली ती अशी. वय नऊ महिने, भूमिका भारतीय राजपुत्राची.

जन्म २५ सप्टेंबर १९४६, वॉरिकशरमधल्या ऑल्टनचा. ब्रिटनमध्ये कुणालाही विचारा, 'द गुड लाइफ' या मालिकेतली चिखलाच्या बुटांतली बार्बरा आठवेल. आपल्याकडे विचारा, शशी कपूरची मेहुणी म्हणून सांगतील. दोन्ही ओळखी खऱ्या आहेत. पण तिची कामं ओळीने पाहिली की त्यापलीकडचं काही दिसतं. समोर माणसं बसलेली असली की या नटीचा अंदाज सहसा चुकत नाही. पडद्यावरही ती रमली ती मुख्यतः तिथेच, जिथे पडद्यामागे नाटकाची शिस्त शाबूत होती.

ही शिस्त आली कुठून, तर ट्रंकांमधून. वडील जेफ्री केंडल आणि आई लॉरा लिडेल 'शेक्सपिअराना' नावाची फिरती कंपनी चालवत. जेफ्रीचं खरं आडनाव ब्रॅग. केंडल हे त्याच्या जन्मगावाचं नाव, तेच त्याने रंगभूमीसाठी उचललं. युद्धाच्या काळात सैनिकांची करमणूक करायला तो भारतात येऊन गेला होता. १९४७ मध्ये कंपनी घेऊन आला, परत गेला, आणि १९५३ मध्ये पुन्हा आला तो जणू राहायलाच. १९५३ ते १९५६ या साडेतीन वर्षांत कंपनीने आठशेहून अधिक प्रयोग केले. म्हणजे महिन्याला वीसच्या आसपास. आपल्याकडे दौऱ्यावर नाटक घेऊन गेलेल्या कुणालाही या आकड्यातला घाम कळेल. तोही स्वतःची बस नसताना, आगगाडीने, सामान हमालाच्या डोक्यावर देऊन.

अशी कंपनी चालवायची तर काही गोष्टी आपोआप ठरतात. माणसं मोजकी, म्हणून एकेकाला दोन-तीन भूमिका. 'मिडसमर नाइट्स ड्रीम'मध्ये थीसियस आणि ओबेरॉन एकच नट करू शकतो, हिपोलिटा आणि टायटॅनिया एकच नटी, कारण या जोड्या समोरासमोर येत नाहीत. मधला वेळ झगा बदलायला पुरतो, पण केसांची ठेवण बदलायला पुरत नाही. म्हणून फरक चालण्यात आणि आवाजात दाखवायचा. 'हॅम्लेट' अख्खं करायचं तर चार तास लागतात. शाळेच्या सभागृहात, दुपारच्या उकाड्यात, अकरावीच्या मुलांपुढे ते दोन-सव्वादोन तासांत बसवावं लागतं. कापायचं काय? तर पाठ्यपुस्तकात असलेले उतारे सोडून काहीही. पोरं ती भाषणं पाठ करून आलेली असतात, आणि एखादा शब्द चुकला तर पहिल्या रांगेतून दुरुस्ती येते. नेपथ्य म्हणजे पडदे, दोन खुर्च्या, एखादा चौथरा. आज मिशनऱ्यांची शाळा, उद्या एखाद्या संस्थानिकाचा दरबार हॉल, परवा क्लब. प्रत्येक जागेचा आवाज वेगळा. उंच छताच्या दरबार हॉलमध्ये शब्द घुमतो, तिथे वाक्य संथ घ्यावं लागतं. पंखे घरघरणाऱ्या शाळेत शब्दाचं शेपूट गिळलं की अर्थ गेला, तिथे शेवटचा व्यंजन ठोकून म्हणावा लागतो. हे कुठल्या नाट्यविद्यालयात शिकवत नाहीत असं नाही, पण तिथे एकच सभागृह असतं.

फेलिसिटीचं शिक्षण सहा वेगवेगळ्या कॉन्व्हेंट शाळांमध्ये झालं, म्हणजे शिक्षण झालं असं म्हणायचं. खरी शाळा विंगेत. आधी सामान मोजणं आणि पडदा ओढणं, मग मुलांच्या आणि पऱ्यांच्या भूमिका, मग मोठ्या नायिका. सतराव्या वर्षी कलकत्त्यात विषमज्वराने तिला गाठलं. त्यातून ती उठली आणि थोड्याच काळात कॅमेऱ्यासमोर उभी राहिली.

तो चित्रपट 'शेक्सपिअर वाला', १९६५ चा. निर्माता इस्माइल मर्चंट, दिग्दर्शक जेम्स आयव्हरी, पटकथा रूथ प्रॉवर झाबवाला यांची, छायाचित्रण सुब्रत मित्र यांचं, संगीत सत्यजित राय यांचं. विषय शेक्सपिअरानाचाच, फक्त कंपनीचं नाव बदललेलं: स्वातंत्र्यानंतर भारतात फिरणारी, हळूहळू आटत चाललेली इंग्रज नाटक कंपनी. जेफ्री आणि लॉरा पडद्यावरही कंपनीचे मालक-मालकीण झाले आणि फेलिसिटी त्यांची मुलगी लिझी. लिझी ज्याच्या प्रेमात पडते तो संजू म्हणजे शशी कपूर, घरात फेलिसिटीच्या सख्ख्या थोरल्या बहिणीचा, जेनिफरचा नवरा. (जेनिफरने हॉटेल चालवणाऱ्या बाईची छोटी भूमिका केली आहे. घरचं माणूस फुकट बसू द्यायचं नाही, हा फिरत्या कंपनीचा नियम.) राजाच्या भूमिकेत उत्पल दत्त, आणि ते स्वतः तरुणपणी जेफ्रीच्या कंपनीत काम केलेले.

यातला एक प्रसंग अभिनयाच्या विद्यार्थ्यांनी थांबवून थांबवून पाहावा. 'ऑथेल्लो'चा प्रयोग चालू आहे. संजूची मैत्रीण, सिनेतारका मंजुळा, उशिरा येते आणि सज्जात बसते. सभागृहाच्या माना तिकडे वळतात, स्वाक्षऱ्यांसाठी झुंबड उडते. रंगमंचावर खुनाचा प्रवेश रंगात आलेला आणि प्रेक्षकांची पाठ नटांकडे. मंजुळा झालेल्या मधुर जाफरी यांना बर्लिन महोत्सवात सर्वोत्तम अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं आणि ते योग्यच होतं, कारण ती भूमिका मोठ्या हातवाऱ्यांची, डोळ्यांत भरणारी. फेलिसिटीचं काम उलट्या बाजूचं आहे. ती ऐकते. समोरचा बोलत असताना तिच्या चेहऱ्यावर जे चाललेलं असतं ते वाक्याच्या अर्धं पाऊल पुढे असतं. अठरा-एकोणिसाव्या वर्षी, पहिल्याच चित्रपटात, इतकं कमी करण्याचं धाडस क्वचित दिसतं. चित्रपटाच्या शेवटी लिझी बोटीने इंग्लंडला निघते. खऱ्या फेलिसिटीनेही तेच केलं.

लंडनला मात्र कुणी हार घेऊन उभं नव्हतं. महोत्सवात नावाजलेला कृष्णधवल चित्रपट आणि तिकडे कुणी न पाहिलेले शेकडो प्रयोग, एवढ्या शिदोरीवर काम मिळत नाही. १९६६ मध्ये बीबीसीच्या 'द मेफ्लाय अँड द फ्रॉग' या दूरचित्रवाणी नाटकात जॉन गिलगुड यांच्यासमोर भूमिका मिळाली, १९६७ मध्ये सॅव्हॉय थिएटरमध्ये 'मायनर मर्डर'. त्यानंतरची सात-आठ वर्षं मालिकांतल्या एकेका भागातल्या पाहुण्या भूमिकांची. ब्रिटिश नटांच्या कारकिर्दीत हा टप्पा असतोच. एका भागाचं काम, ओळखीचा चेहरा, पण नाव कुणाला आठवत नाही.

गाठ सुटली ती १९७४ मध्ये, आणि पुन्हा रंगभूमीवरच. ॲलन एकबर्न यांची 'द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स' ही तीन नाटकांची माळ. घर तेच, शनिवार-रविवार तोच, सहा पात्रं तीच. एक नाटक जेवणघरात, दुसरं दिवाणखान्यात, तिसरं बागेत. जेवणघरातून रागाने बाहेर पडलेला माणूस दुसऱ्या नाटकात दिवाणखान्यात शिरतो. म्हणजे नटाला एका नाटकातली एक्झिट दुसऱ्यातल्या एंट्रीच्या मापाची ठेवावी लागते, नाहीतर तिन्ही पाहणाऱ्याला शिवण दिसते. ग्रिनिचला सुरू झालेला हा प्रयोग पुढे वेस्ट एंडमध्ये गेला. टॉम कोर्टनी, मायकेल गॅम्बन, पेनेलोपी कीथ, आणि फेलिसिटी झाली होती ॲनी: वरच्या मजल्यावरच्या आजारी आईचं करण्यात अडकलेली, ढगळ स्वेटरमधली धाकटी. प्रेक्षकांत एक दिवस रिचर्ड ब्रायर्स होते. त्यांच्यासाठी बीबीसी नवी विनोदी मालिका करत होती आणि बायको व शेजारीण हव्या होत्या. दोघी एकाच रंगमंचावर सापडल्या.

'द गुड लाइफ' ४ एप्रिल १९७५ ला सुरू झाली. लेखक जॉन एसमंड आणि बॉब लार्बी. चाळिशी गाठलेला टॉम गुड नोकरी सोडतो आणि बायको बार्बराबरोबर सर्बिटनसारख्या नाकासमोर चालणाऱ्या उपनगरात घरामागच्या बागेत शेती सुरू करतो. बटाटे, डुकरं, जेराल्डीन नावाची शेळी, लेनिन नावाचा कोंबडा, तळघरात शेणखतापासून वायू करून वीज काढायचं यंत्र, वाटाण्याच्या शेंगांची घरगुती वाइन. शेजारी लेडबेटर दांपत्य: जेरी (पॉल एडिंग्टन) आणि मार्गो (पेनेलोपी कीथ). कथा सर्बिटनची असली तरी बाहेरचं चित्रण नॉर्थवुडमधल्या रस्त्यावर झालं.

अशी मालिका तेव्हा कशी बने, ते समजल्याशिवाय फेलिसिटीचं कौशल्य कळत नाही. आठवड्याला एक भाग. आधी वाचन, मग तालमी. बीबीसीची त्यासाठी ॲक्टनला सात मजली इमारत होती, कलाकार तिला थट्टेने 'ॲक्टन हिल्टन' म्हणत. तिथे सेट नसतो. जमिनीवर रंगीत चिकटपट्ट्या मारून भिंती आणि दारं आखलेली. एका पट्टीवरून पाय पडला तर तुम्ही भिंतीतून गेलात. शेवटच्या दिवशी टेलिव्हिजन सेंटरमधल्या स्टुडिओत खऱ्या सेटवर कॅमेऱ्यांसह तालीम, आणि संध्याकाळी तीनेकशे प्रेक्षकांसमोर थेट रेकॉर्डिंग. बागेतले प्रसंग आधीच फिल्मवर चित्रित केलेले असत. ते प्रेक्षकांना मॉनिटरवर दाखवत आणि त्यावरचा हशा टिपून घेत. म्हणून जुने भाग पाहताना बाग जरा धूसर, दाणेदार दिसते आणि स्वयंपाकघर लख्ख, सपाट. ते छपाईतलं वैगुण्य नव्हे. एक फिल्म, दुसरी व्हिडिओटेप.

यात नटाची कोंडी दुहेरी. समोर प्रेक्षक बसलेले, त्यांच्यापर्यंत विनोद पोचवायचा तर नाटकाचा आवाज हवा. पण माइक डोक्यावर दीड हातावर झुलतोय आणि कॅमेरा चेहऱ्याच्या जवळ. नाटकाचा आवाज लावला तर घरी टीव्हीसमोर बसलेल्याला नटी किंचाळतेय असं वाटतं. चित्रपटाचा आवाज लावला तर स्टुडिओतली माणसं हसत नाहीत, आणि हशा नसला की भाग पडला. बहुतेक विनोदी मालिकांत एखादा नट मोठा आणि एखादा छोटा वाटतो तो यामुळेच.

दुसरी भानगड हशाची. वाक्य पडलं, हशा उसळला, आता पुढचं वाक्य केव्हा? हशा शिगेला असताना बोललात तर वाक्य गेलं, आणि पुढे हसायचं की ऐकायचं अशी प्रेक्षकांची पंचाईत. पुरता विरेपर्यंत थांबलात तर प्रवेशाचा ताल मोडला. हशा उतरणीला लागला, पण अजून खोलीत आहे, त्या क्षणी शिरायचं. आणि तोवरचे दोन-तीन सेकंद करायचं काय? कच्चा नट थिजून उभा राहतो, किंवा उगीच केस सारखे करतो. कॅमेरा ते निर्दयपणे टिपतो. फेलिसिटी त्या जागेत बार्बराचा विचार चालू ठेवते. टॉमची एखादी अचाट कल्पना ऐकल्यावर आधी हसू फुटतं, मग त्यात स्वतःला किती खणावं लागणार याचा हिशेब चेहऱ्यावर सरकतो, मग 'बरं, चल' अशी एक छोटी मान. तेवढ्यात हशा उतरलेला असतो आणि ती बोलते. रिकामी जागा राहतच नाही. महिन्याला वीस प्रयोग, दर प्रयोगाला नवी पोरं, नवा हशा: हे घड्याळ त्या शाळांच्या सभागृहांत लावलेलं आहे.

पाहायचाच तर १९७७ च्या नाताळचा भाग घ्या. मार्गोने मागवलेलं नाताळचं झाड नऊ फुटांऐवजी साडेआठ फुटांचं निघतं, ती ते परत पाठवते, आणि त्यापायी मागवलेलं नाताळचं सगळं सामानच तिच्याकडे येत नाही. शेवटी चौघं गुड दांपत्याच्या घरी, वर्तमानपत्राच्या टोप्या घालून. टोपी कुठल्या वर्तमानपत्राची, यावरही मार्गोची अट: 'डेली टेलिग्राफ'चीच. सगळं लक्ष पेनेलोपी कीथ खेचून घेते, आणि ते तिचंच आहे. पण दुसऱ्यांदा पाहताना नजर बार्बरावर ठेवा. मार्गोच्या प्रत्येक वाक्याला उशी घालून देण्याचं काम ती करते. ज्याच्या वाक्यावर हशा यायचा आहे त्याच्याकडे वळून नीट पाहणं, हे विनोदी नटाचं अर्धं काम, आणि त्याचं कौतुक समीक्षणात कधी येत नाही.

एकूण तीस भाग. शेवटचा १० जून १९७८ ला प्रक्षेपित झाला, आणि त्याचं रेकॉर्डिंग पाहायला स्टुडिओत राणी एलिझाबेथ आणि प्रिन्स फिलिप बसले होते. मालिका चालू असताना थांबवली हे लेखकांचं शहाणपण. नटांना मात्र तिची किंमत मोजावी लागली, फेलिसिटीला जरा जास्तच. वर्तमानपत्रांनी तिला 'राष्ट्राची लाडकी' करून टाकलं. १९८१ मध्ये 'रिअर ऑफ द इयर' नावाचा, सुडौल पार्श्वभागासाठी द्यायचा एक पोरकट किताबही गळ्यात घातला. त्याच सुमारास ती नॅशनल थिएटरमध्ये काय करत होती याची बातमी मात्र आतल्या पानावर.

काय करत होती? नोव्हेंबर १९७९ मध्ये पीटर हॉल यांच्या दिग्दर्शनाखाली 'अमेडियस'चा पहिला प्रयोग झाला, त्यात पॉल स्कोफील्ड सालिएरी, सायमन कॅलो मोझार्ट आणि फेलिसिटी त्याची बायको कॉन्स्टॅन्झे. पुढच्याच वर्षी स्कोफील्डच्या ऑथेल्लोसमोर ती डेस्डिमोना. १९८० मध्येच बीबीसीच्या शेक्सपिअर मालेत 'ट्वेल्फ्थ नाइट'ची व्हायोला. ही व्हायोला सहज मिळाली तर चुकवू नये. पुरुषवेश घेतलेली मुलगी दाखवायला बहुतेक नट्या पाय फाकवून चालतात, आवाज जाड करतात. फेलिसिटी तसं काही करत नाही. आवाज मुळातच किंचित घोगरा, श्वास मिसळलेला. ती फक्त उभी राहण्यातला मोकळेपणा बदलते आणि बाकी काम शब्दांवर सोडते. शेक्सपिअरची ओळ ती काव्य म्हणून गात नाही, निरोप सांगितल्यासारखी बोलते. घरात तीच भाषा ऐकत वाढलेल्या माणसाला ती सजवावीशी वाटत नसावी.

दूरचित्रवाणीवर मात्र बार्बरा पाठ सोडेना. कार्ला लेन यांनी लिहिलेल्या 'सोलो'त (१९८१-८२) ती जोडीदाराने फसवल्यावर एकटी राहायला लागलेली जेमा. ती चालली, कारण प्रेक्षकांची सहानुभूती तिच्या बाजूला होती. त्याच लेखिकेच्या 'द मिस्ट्रेस'मध्ये (१९८५-८७) ती विवाहित पुरुषाची प्रेयसी झाली, आणि आपली बार्बरा दुसऱ्या बाईचा संसार मोडतेय हे लोकांना पचलं नाही. त्यात नटीची चूक नव्हती, साच्याचा दोष होता. १९९४ ची 'हनी फॉर टी' मात्र सरळसरळ फसली. केंब्रिजमध्ये येऊन पडलेल्या अमेरिकन विधवेची भूमिका, सात भाग, आणि खेळ खलास. टीका उच्चारांवर झाली, पण खरं दुखणं उच्चाराच्या खाली होतं. उसना उच्चार सांभाळताना लक्षाचा एक भाग सतत जिभेवर राहतो, आणि हशाच्या उतरणीला शिरायचा तो क्षण हुकतो. तिची सगळी ताकद ज्या घड्याळात, त्यातच वाळू शिरली.

याच वर्षांत रंगभूमीवर तिला तिचा लेखक सापडला होता. टॉम स्टॉपर्ड यांची 'ऑन द रॅझल' (१९८१), 'द रिअल थिंग' (१९८२), 'जम्पर्स'चं पुनरुज्जीवन (१९८५, सोबतीला पुन्हा पॉल एडिंग्टन), 'हॅपगुड' (१९८८), 'आर्केडिया' (१९९३, ट्रेव्हर नन यांच्या दिग्दर्शनात अभ्यासक हॅना जार्व्हिस, समोर बिल नाय). मध्ये १९८९ मध्ये ॲलन बेट्सबरोबर 'मच अडू अबाउट नथिंग' आणि 'इव्हानोव्ह', ज्यांसाठी इव्हनिंग स्टँडर्डचं सर्वोत्तम अभिनेत्रीचं पारितोषिक. स्टॉपर्डची वाक्यं लांब, एका वाक्यात दोन कोट्या आणि एक सिद्धान्त. ती म्हणताना नट हुशार दिसायला गेला की संपला. वाक्याचा शेवट आधीच ठाऊक असल्याचा भास होता कामा नये. हॅनासारखी कोरडी, भावना झाकणारी बाई करतानाही फेलिसिटीचं वाक्य तिथल्या तिथे सुचल्यासारखं येतं.

स्टॉपर्डचं बालपणही भारतात गेलेलं. युद्धात परागंदा झालेलं कुटुंब १९४२ ते १९४६ इथे होतं, आणि तो दार्जिलिंगच्या शाळेत शिकला. १९९१ मध्ये त्याने बीबीसी रेडिओसाठी 'इन द नेटिव्ह स्टेट' लिहिलं ते फेलिसिटीसाठीच. १९३० साली जुम्मापूर या काल्पनिक संस्थानात आलेली इंग्रज कवयित्री फ्लोरा क्रू, तिचं चित्र काढणारा निराद दास, आणि कैक वर्षांनी फ्लोराचा माग काढणारे लोक. फ्लोराची म्हातारी झालेली बहीण मिसेस स्वान यांची भूमिका पेगी ॲशक्रॉफ्ट यांनी केली. त्या त्याच वर्षी वारल्या. चार वर्षांनी त्याचंच 'इंडियन इंक' हे नाटक झालं: ऑल्डविच थिएटर, फ्लोरा फेलिसिटी, दासच्या भूमिकेत आर्ट मलिक. त्यात दास फ्लोराला रसांविषयी समजावतो, शृंगाराबद्दल सांगतो. मराठी माणसाला शाळेपासून ठाऊक असलेली ही गोष्ट लंडनच्या प्रेक्षकाला पहिल्यापासून सांगायची, आणि तीही कंटाळा न येता. तो भार सांगणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्यावर जास्त. आणि ऐकण्यात ही बाई पहिल्यापासूनच पक्की, हे लिझीच्या वेळीच दिसलं होतं.

थोडं जेनिफरबद्दल, कारण दोघी बहिणींचे रस्ते जिथे फुटले तिथेच आपला या घराशी खरा संबंध येतो. थोरली मुंबईत राहिली. '३६ चौरंगी लेन'मधल्या (१९८१) म्हाताऱ्या अँग्लो-इंडियन शिक्षिकेसाठी तिला बाफ्ताचं नामांकन मिळालं. पण तिचं मोठं काम जुहूला आहे. नोव्हेंबर १९७८ मध्ये तिने आणि शशी कपूरने पृथ्वी थिएटर उघडलं. पहिला प्रयोग 'उद्ध्वस्त धर्मशाळा'चा, मूळ मराठी नाटक गो. पु. देशपांड्यांचं, हिंदीतून. १९८४ मध्ये ती कर्करोगाने गेली. ज्या वर्षी धाकटी सर्बिटनच्या बागेतून मोकळी झाली, त्याच वर्षी थोरलीने नटांना हक्काची जागा बांधून दिली होती. ट्रंकांवर वाढलेल्या मुलीला पक्क्या रंगमंचाचं मोल जास्त कळत असणार.

फेलिसिटीने चित्रपट फार केले नाहीत. केन रसेलच्या 'व्हॅलेन्टिनो'त (१९७७) ती होती, पण मोठा पडदा तिने कधी पाठीला लागून मिळवला नाही. चित्रपटात प्रसंग तुकड्यातुकड्याने होतात, शेवट आधी आणि सुरुवात नंतर, हशा असला तरी सहा महिन्यांनी, दुसऱ्याच कुणाच्या सभागृहात. ज्याचं सारं बळ समोरच्या श्वासावर, त्याने तिकडे कशाला जीव टाकावा?

नंतरच्या कामांत लोकप्रिय ती 'रोझमेरी अँड थाइम' (२००३-०६, बावीस भाग). वनस्पतींच्या रोगांची जाणकार रोझमेरी आणि माजी पोलीस लॉरा (पॅम फेरिस) बागा सुधारायला जातात आणि दर बागेत मुडदा सापडतो. रहस्यं फार खोल नाहीत. बागा मात्र खऱ्या, आणि दोघींची जुगलबंदी झकास. पण २००३ चंच दुसरं काम अवघड आहे: पीटर हॉल यांच्या दिग्दर्शनात बेकेटच्या 'हॅपी डेज'मधली विनी. पहिल्या अंकात कमरेपर्यंत मातीच्या ढिगाऱ्यात पुरलेली, दुसऱ्यात गळ्यापर्यंत. हात नाहीत, पाय नाहीत, मानसुद्धा वळवायची नाही. उरतात डोळे आणि आवाज. ज्या नटीला लोक तिच्या हालचालीतल्या चपळाईसाठी ओळखत, तिने ती गाठोड्यात बांधून बाजूला ठेवली.

२००८ मध्ये 'डॉक्टर हू'च्या एका भागात ती तरुणपणी भारतात राहून आलेली, तिथलंच एक गुपित पोटात दडवलेली लेडी एडिसन झाली. लेखकांना तिचा इतिहास ठाऊक होता, हे उघड आहे. २०२१ मध्ये लंडनच्या बार्बिकनला 'एनिथिंग गोज' ही संगीतिका, वयाच्या पंचाहत्तरीच्या तोंडावर. २०२३ मध्ये 'नॉइजेस ऑफ' या नाटकातल्या नाटकाच्या प्रहसनातली डॉटी, जिथे दुसऱ्या अंकात सेट उलटा फिरतो आणि प्रेक्षकांना विंगेतला गोंधळ दिसतो. सार्डिनच्या बशा, टेलिफोन आणि दारं यांचा हिशेब सेकंदांत ठेवावा लागतो. एक बशी चुकीच्या टेबलावर राहिली की पुढची दहा मिनिटं कोसळतात.

आणि २०२५ च्या डिसेंबरात हॅम्पस्टेड थिएटरने 'इंडियन इंक' पुन्हा मांडलं. फ्लोराची भूमिका आता दुसऱ्या, तरुण नटीकडे. फेलिसिटीकडे मिसेस स्वान: फ्लोराची म्हातारी बहीण, जी बागेत बसून, पाहुण्यांना केक वाढत, गेलेल्या बहिणीची पत्रं सांभाळते.